मदत हवी आहे: चॅट आणि व्हॉइस दोन्ही बंद, शनिवारी टूर्नामेंट आहे

खाडीकाठचा
गेममध्ये माझं चॅट आणि व्हॉइस दोन्ही बंद केलंय. मी कुणाला काही बोललेलो नाही तरी लागलं. सपोर्टला लिहिलं तर तेच ठरलेलं उत्तर, नियमभंग झालाय आणि शिक्षा बरोबर आहे. शनिवारी इकडे सिंधुदुर्गात टूर्नामेंट आहे आणि आमच्या टीमचे कॉल, म्हणजे कुणी कुठे जायचं काय करायचं, ते मी देतो, मीच मुका असलो तर बाकीचे चौघं काय करणार. लवकर काढायचा काय उपाय आहे? अपील, व्हीपीएन, नवीन आयडी काहीही चालेल पण लवकर सांगा. गेम कमी खेळ वगैरे सल्ले प्लीज नकोत.

सड्यावरचा
कुठला गेम? पीसी की मोबाईल? स्क्रीनवर नक्की काय लिहून येतं? एवढं तरी लिही ना राव, कसं सांगणार कोण.

खाडीकाठचा
गेमचं नाव मुद्दाम लिहीत नाहीये, समोरच्या टीमची पोरं इथे असतात. पाच विरुद्ध पाच शूटर, पीसीवर. चॅट बंद म्हणजे बंद, त्यात काय लिहून येणार.

माडाखाली
नवीन आयडी काढ, विषय संपला. दहा मिनिटांचं काम.

पागोळी
माडाखाली, बहुतेक स्पर्धात्मक गेममध्ये नवीन आयडीला रँक लगेच उघडत नाही, आधी लेव्हल करावी लागते. आणि टूर्नामेंटला नोंदणी झालीय ती जुन्या आयडीवर. वर शिक्षा चुकवायला दुसरं खातं काढलं हे लक्षात आलं तर तेही जातं. व्हीपीएनचा तर काही संबंधच नाही, शिक्षा खात्यावर असते, तुझ्या नेटवर नाही. फुकट पिंग वाढेल, म्हणजे गेम उशिरा प्रतिसाद देईल, तेवढंच.

खाडीकाठचा, मेसेजमध्ये तारीख आहे की मॅचचा आकडा आहे ते बघ. त्यावर सगळं अवलंबून आहे.

खाडीकाठचा
तारीख आहे. रविवार रात्र. म्हणजे टूर्नामेंट झाल्यावर सुटणार, काय उपयोग.

आणि एक राहिलं, परवा परतीच्या पावसात लाईट गेली तेव्हा चालू मॅच सुटली होती. त्याच्यानंतरच हे लागलं. मला वाटतं त्याचंच आहे.

इन्व्हर्टरवाला
हे आधी का नाही लिहिलंस. राउटरला छोटा डीसी यूपीएस मिळतो तो घे, राउटरवर 12 व्होल्ट लिहिलंय का ते बघून घे म्हणजे झालं. लाईट गेली तरी नेट चालू राहतं. कोकणात गेम खेळायचा तर हे पाहिजेच, मोठा इन्व्हर्टर नंतर बघ. मी सगळ्या नातेवाईकांकडे बसवून दिलेत.

सड्यावरचा
राउटर चालू राहिला तर पीसी कशावर चालणार? तो काय लॅपटॉप आहे का?

इन्व्हर्टरवाला
पीसीला वेगळा यूपीएस. 600 व्हीएचा घेतला तर पीसी नीट बंद करण्याएवढा वेळ मिळतो. ग्राफिक कार्ड मोठं असेल तर 1000 चा घ्या.

खाडीकाठचा
वीज कडाडायला लागली की आई राउटरची वायर भिंतीतूनच काढते, यूपीएस असला नसला काय फरक पडतो. माझा प्रश्न चॅटचा आहे.

पागोळी
वरती दोन गोष्टी एकत्र कालवल्या गेल्यात म्हणून सुट्या करून लिहिते. मॅच अर्धवट सुटली त्याची शिक्षा वेगळी, त्यात पुढच्या मॅचसाठी थांबवतात नाहीतर रँकचे पॉइंट कापतात. बोलण्याची शिक्षा वेगळी. लाईट गेली म्हणून व्हॉइस बंद असं थेट होत नाही. पण तू गेलास की उरलेले चौघं चिडतात आणि रिपोर्टच्या खिडकीत दिसेल त्या चौकोनावर टिक मारतात, शिवीगाळीच्यासुद्धा. आता नुसत्या टिकांनी किती फरक पडतो हे त्या त्या गेमवर आहे. काउंटर स्ट्राईक ग्लोबल ऑफेन्सिव्हमध्ये फेब्रुवारी 2020 ला असं केलं होतं की बाकीच्यांपेक्षा फारच जास्त रिपोर्ट येत असतील तर आधी इशारा, तरीही थांबलं नाही तर तो खेळाडू सगळ्यांसाठी आपोआप म्यूट, आणि ते सुटायचं खेळून एक्सपी, म्हणजे अनुभवाचे पॉइंट, जमवल्यावर. डोटा 2 मध्ये 2023 पासून वागण्याचा स्कोर वेगळा आणि बोलण्याचा वेगळा, जास्तीत जास्त 12000, बोलण्याचा फार खाली गेला की तोंड बंद. लीग ऑफ लेजंड्समध्ये बरीच वर्षं पायऱ्या होत्या, आधी 10 मॅच चॅटवर बंधन, मग 25, मग 14 दिवस खातंच बंद, मग कायमचं. तुझ्याकडे तारीख आहे म्हणजे मॅच खेळून लवकर सुटायचा मार्ग नाही.

सुशेगाद
मी तर मॅच सुरू झाली की सगळ्यांना म्यूट करतो. ना ऐकायचं ना बोलायचं. रिपोर्ट नाही, डोक्याला ताप नाही. रँकपण वाढली. सगळ्यांनी हेच करावं असं माझं ठाम मत आहे.

पागोळी
तो कॉल देणारा आहे हो. सगळ्यांना म्यूट करून कॉल कसे देणार?

सुशेगाद
पिंग, म्हणजे नकाशावर खूण करायची बटणं, कशाला दिलेत मग? आपेक्स लेजंड्स 2019 ला आला तेव्हापासून लोक एक शब्द न बोलता खेळतायत. शत्रू कुठे, जायचं कुठे, कुठली बंदूक पाहिजे, सगळं एका बटणावर.

पागोळी
तो बॅटल रॉयल आहे, बऱ्याच टीम एकत्र उतरतात आणि शेवटी उरेल ती जिंकते. पाच विरुद्ध पाचमध्ये बॉम्ब कुठल्या साईटला न्यायचा, कुणी किती पैसे वाचवायचे, हे पिंगने सांगून दाखवा. अनोळखी लोकांबरोबर खेळताना म्यूट ठीक आहे, टीमबरोबर नाही.

आंबा_बागायत
माझा मुलगा दहावीत आहे, दिवसभर मोबाईलवर बीजीएमआय चालू असतं. सरकारने ऑनलाईन गेमवर बंदी घातली ना? मग हे अजून चालू कसं?

सड्यावरचा
काका, ऑगस्ट 2025 चा कायदा पैसे लावून खेळायच्या गेमवर आहे. ई-स्पोर्ट्सला त्यात उलट मान्यता दिलीय. आणि बीजीएमआय मे 2023 ला परत आला तेव्हा 18 च्या खालच्या मुलांना दिवसाला 3 तासांची मर्यादा ठेवली होती. मुलाने वय खरं टाकलंय का ते बघा. पण वेगळा धागा काढा ना, इथे हा बिचारा अडकलाय.

माडाखाली
ग्राहक मंचात तक्रार टाक. स्किनला, म्हणजे गेममधल्या सजावटीला, पैसे भरलेस ना? मग तू ग्राहक. 2019 च्या कायद्यात ऑनलाईन तक्रारीची सोय आहे.

सड्यावरचा
शनिवारच्या आत निकाल लागेल का रे तिकडे?

खाडीकाठचा
मला वाटतं त्यांच्या सिस्टीमला मालवणी कळत नाही म्हणून हे होतंय. आम्ही टीममध्ये मालवणीतच बोलतो, जोरात बोलतो, मशीनला वाटत असेल भांडतायत. कुणाला असा अनुभव आहे का? हेच अपीलमध्ये लिहू का?

पागोळी
हे लिहू नकोस, टिकणार नाही. आवाज तपासणारं मशीन भाषा शिकवल्याशिवाय चालत नाही. कॉल ऑफ ड्यूटीने ऑगस्ट 2023 ला टॉक्समॉड आणलं ते सुरुवातीला इंग्रजीच ऐकायचं, आणि तेही फक्त खूण करतं, शिक्षेचा निर्णय कंपनीचा. व्हॅलोरंटवाल्यांनी जुलै 2022 ला आवाज गोळा करायला घेतला तो उत्तर अमेरिकेतल्या इंग्रजीपासून. मालवणी ऐकून मशीनने तुला पकडलं ही शक्यता मला कमीच वाटते. टाईप केलेल्या मजकुराचं मात्र तसं नाही, रोमन लिपीत लिहिलेल्या ठरावीक शिव्या बरेच फिल्टर पकडतात, मग त्या हिंदी असोत नाहीतर इंग्रजी. म्हणून विचारते, टाईप काय केलं होतंस?

खाडीकाठचा
काहीच नाही. मी टाईप करतच नाही, कॉल देताना हात कुठे मोकळा असतो. तेच तर सांगतोय पहिल्यापासून.

रापणकर
झिला, माका एकच सांग. तुझ्या खात्यार आजून कोण खेळता? गणपतीत चाकरमानी इले होते मा घराक?

खाडीकाठचा
आले होते की, दरवर्षी येतात. भजन संपलं, उसळ-चहा झाला की सगळे पीसीला चिकटायचे, पहाटेपर्यंत. आतेभाऊ माझ्याच आयडीवर खेळत होता. पण ते केव्हाच गेले डोंबिवलीला. त्याचा आत्ता काय संबंध?

रापणकर
मगे मॅच हिस्टरी उघड आणि परवाची वेळ बघ. तुझी लाईट किती वाजता गेली आणि त्यावेळी खात्यार काय चल्ला होता ता बघ.

पागोळी
रापणकरांनी नेमकं विचारलं. आत्ताच्या आत्ता बघ.

सुशेगाद
तोपर्यंत सगळ्यांना म्यूट करून खेळा.

खाडीकाठचा
बघितलं. लाईट साडेआठला गेली ती रात्री उशिरा आली, आणि पावणेदहा ते साडेअकरा दोन मॅच दिसतायत. माझ्याकडे तेव्हा मेणबत्ती होती, पीसी नाही. आणखी मागे गेलो तर दुपारच्यापण आहेत, मी कॉलेजला असताना. आतेभावाला फोन केला. तो म्हणे तिकडे लॅपटॉपवर लॉगिन राहिलंय, रँक चांगली आहे म्हणून खेळत होतो. चॅटमध्ये काय लिहिलंस विचारलं तर म्हणतो समोरचे पण लिहितात.

आता हे सपोर्टला कळवतो, स्क्रीनशॉट आणि लाईट गेल्याची वेळ टाकून. आता तरी काढतील ना?

सड्यावरचा
नको कळवू. खातं दुसऱ्याला देणं हाच नियमभंग धरतात जवळजवळ सगळीकडे. भाऊ खेळला म्हणालास की चॅट राहिलं बाजूला, खातंच अडकेल.

पागोळी
मला पटत नाही. खोटं कशाला सांगायचं, जे आहे ते लिहावं. फक्त शिक्षा माफ होईल ही आशा नको, खात्यावरून जे लिहिलं गेलं त्याची जबाबदारी खातेदाराची हे नियम आधीपासून आहेत.

सड्यावरचा
खोटं सांग असं मी कुठे म्हटलं? गप्प राहा म्हटलं. अपील एकदा फेटाळलं गेलंय, परत तेच उकरायचं कशाला? रविवारी आपोआप सुटणार आहे.

पागोळी
बरं, ते त्याच्यावर सोडू. त्याआधी करायचं काम दुसरंच आहे. पासवर्ड बदल, खात्याच्या सेटिंगमध्ये जाऊन सगळ्या उपकरणांवरून लॉगआउट कर, आणि दोन टप्प्यांचं लॉगिन लाव, म्हणजे कोड तुझ्याच फोनवर येईल. हे आज केलं नाहीस आणि भाऊ शुक्रवारी रात्री परत काही लिहून बसला तर पुढची शिक्षा याहून मोठी असते, पहिली लगेच विसरली जात नाही. एक्सबॉक्सवर ऑगस्ट 2023 पासून स्ट्राईक मोजतात, एक स्ट्राईक सहा महिने खात्यावर राहतो आणि आठ झाले की वर्षभर कुणाशी बोलता येत नाही. तुझा गेम तो नसेल पण रीत सगळीकडे अशीच, वाढत जाणारी.

खाडीकाठचा
पासवर्ड बदलला, लॉगआउट मारलं. आत्या आईला फोन करून विचारत होती पोराला काय बोललास म्हणून. असो. शनिवारचं काय?

सड्यावरचा
अरे पण पाच जण ओळखीचे आहात तर डिस्कॉर्डवर, त्या बोलायच्या ॲपवर, बोला ना. गेमच्या व्हॉइसची गरजच काय? हे मला पहिल्यापासून कळत नाहीये.

खाडीकाठचा
बाहेरचं व्हॉइस चालत नाही टूर्नामेंटला. पहिल्या फेऱ्या घरून खेळायच्या आहेत, कुणी सहावा बसून स्ट्रीम बघून सांगेल म्हणून आयोजकांनी फक्त गेममधलं ठेवलंय. फायनल तेवढी हॉलवर.

सड्यावरचा
हे सगळ्यात आधी लिहायचं होतंस!! एवढी पानं गेली.

रापणकर
आयोजकांका फोन कर. नियम सहाव्या माणसासाठी आसा, तुझ्यासाठी नाय. तेंचोच एक माणूस डिस्कॉर्डवर आयकत बसूंदे.

पागोळी
हेच. आणि आज रात्री पाच जण मिळून कस्टम लॉबी, म्हणजे आपल्यापुरती खासगी मॅच, उघडून बघा, काही गेममध्ये तिथे बंधन लागत नाही, काहींत लागतं. शिवाय दुसरा कॉलर तयार ठेव. पहिल्या दोन राउंडचे प्लॅन आधीच ठरवून टाका म्हणजे मध्ये बोलावं लागत नाही, पैशाच्या राउंडचं पण ठरवा, कधी पूर्ण घ्यायचं कधी वाचवायचं. हे टीमने तसंही करायला पाहिजे.

खाडीकाठचा
कस्टममध्येपण बंदच आहे, बघितलं. आयोजकांना फोन केला. आधी नाही म्हणाले, मग कारण विचारलं, मी भाऊ खेळत होता ते सांगितलं. म्हणाले दोन्ही टीमना डिस्कॉर्ड देतो, प्रत्येक चॅनेलवर आमचा एक माणूस बसेल, पण समोरची टीम हो म्हणाली तर. समोरचा कॅप्टन हो म्हणालाय. सपोर्टला काही लिहिलं नाही, रविवारी सुटेल तेव्हा सुटेल.

रापणकर, पागोळीताई, सड्यावरचा, खूप आभार. टीमची पोरं आता प्लॅन लिहितायत वहीत.

माडाखाली
ग्राहक मंचाचं तरी बघून ठेव.

आंबा_बागायत
मुलाने जन्मसाल 1998 टाकलंय. हे बदलता येतं का?

पागोळी
काका, वेगळा धागा काढा, मी तिथे लिहिते.

सड्यावरचा
इन्व्हर्टरवाला, तो 12 व्होल्टचा यूपीएस कणकवलीत मिळेल का की ऑनलाईनच मागवायचा? आमच्याकडे पण रोज संध्याकाळी जातेय.