मिशी ठेवून मास्क बसतो का?

निपाणीहून लिहितोय. वय ५४, मिशी लग्नाच्या आधीपासूनची. झोपेच्या तपासणीत तासाला ३८ वेळा श्वास अडकतो असं निघालं. सीपॅप मशीन घेतलं, म्हणजे मास्कमधून दाबानं हवा सोडून झोपेत श्वासाची वाट उघडी ठेवणारं. प्रेशर ११. दुकानात खुर्चीत बसवून नाक-तोंड झाकणारा मास्क लावला, तेव्हा झकास बसला. रात्री दोनला मात्र डोळ्यात वारा आणि शिट्टी. बायको म्हणते, घोरणं परवडलं! पट्टे आवळून आवळून नाकाच्या हाडावर लाल वळ उठलाय. मिशी काढू?

— वस्तऱ्याची घाई नको हो काका. आधी पट्टे सैल करा. आडवं पडलं की गालांचा आकार बदलतो, म्हणून मास्क झोपून, मशीन चालू ठेवूनच बसवायचा. हवा सुरू झाली की चेहऱ्यापासून जरासा उचला, परत अलगद टेकवा. कडेची सिलिकॉनची उशी फुगून बसते. ती उशी रोज साबणपाण्यानं धुवा, तेलकट झाली की घसरते. (खानापूर)

— झोपेत तोंड मिटलेलं राहत असेल तर नाकपुड्यांत टेकणारा पिलो मास्क विचारा. मिशीवाल्यांना तोच सोयीचा. माझं तोंड उघडतं, मला नाही जमला.

— आणि लाईट गेली तर? आमच्याकडं पावसाळ्यात नेहमीचंच.

— नाक-तोंड झाकणाऱ्या मास्कला झडप असते. हवा थांबली की ती उघडते, बाहेरचा श्वास मिळतो. धुताना तिच्यात कचरा राहिला नाही ना, तेवढं बघा.

— काल झोपून बसवला. शिट्टी गेली. वळ आहे अजून, मिशीपण.