मदत हवी आहे: १८९८ च्या चेक मूकपटाचा वेग किती ठेवावा?

यान क्रीझेनेत्स्की यांचा 'हसू आणि रडू' (प्राग, १८९८) दाखवायचा आहे. तो ज्याने टिपला त्या हाताने फिरवायच्या ल्युमिएर कॅमेऱ्याच्या हँडलच्या एका फेऱ्यात ८ फ्रेम, सेकंदाला दोन फेरे, म्हणजे १६ फ्रेम. पण हात तो हातच, वेग कमीजास्त होणारच. त्यांच्याच 'सॉसेजवाला आणि भित्तिपत्रकवाला' मध्ये माणसांच्या चालीवरून अंदाज बांधता येतो. इथे नुसता अभिनेते योसेफ श्वाब-मालोस्त्रान्स्की यांचा चेहरा! सेकंदाला २४ फ्रेमने चालवला तर रडणंही आचरट वाटतं. १६ चे २४ करताना दर दुसरी फ्रेम दुप्पट होते, मग हालचाल अडखळते. एडिटिंगमध्ये सेकंदाला ४८ फ्रेमच्या टाइमलाइनवर प्रत्येक फ्रेम तीनदा घेतली तर अडखळणं जातं, पण प्रोजेक्टरला ४८ चालायला हवं. केवळ चेहऱ्यावरून वेग ठरवायचा तर काय बघावं? पापण्यांची उघडझाप पुरते का?