जमावाने केलेल्या हत्येत प्रत्येकाची फौजदारी जबाबदारी कशी ठरते?

प्रश्न
१ जुलै २०१८ रोजी धुळे जिल्ह्यातील राईनपाडा येथे, मुले पळवणारी टोळी आल्याच्या अफवेवरून नाथपंथी डवरी गोसावी या भटक्या समाजातील पाच जणांना जमावाने ठार मारले. अशा घटनेत कोणाचा घाव प्राणघातक ठरला हे बहुधा कळतच नाही. ज्याने स्वतः हात उगारला नाही, पण जो अखेरपर्यंत जमावासोबत राहिला, त्याला खुनाबद्दल शिक्षा होऊ शकते का? आणि नुसत्या बघ्याचे काय?

उत्तर १
होऊ शकते. पाच किंवा अधिक माणसांच्या बेकायदेशीर जमावातील एकाने समाईक उद्देश साधण्यासाठी गुन्हा केला, किंवा असा गुन्हा घडण्याचा संभव आहे हे सदस्यांना ठाऊक होते, तर त्या वेळी जमावात असलेला प्रत्येक सदस्य त्या गुन्ह्याचा दोषी ठरतो. भारतीय दंड संहितेचे कलम १४९ हेच सांगत होते आणि आता तिच्या जागी आलेल्या भारतीय न्याय संहितेचे कलम १९० तेच सांगते. मसल्ती खटल्यात (१९६४) सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की, सदस्यत्व सिद्ध झाल्यावर प्रत्येकाचे वेगळे कृत्य सिद्ध करावेच लागते असे नाही.

बघ्याची गोष्ट निराळी आहे. जमावाचा हेतू कळल्यावरही जो जाणीवपूर्वक त्यात सामील होतो किंवा थांबून राहतो, तोच सदस्य. गोंगाट ऐकून घराबाहेर आलेला शेजारी केवळ तेथे दिसला म्हणून गुन्हेगार ठरत नाही. मोठ्या जमावाच्या खटल्यात निरपराध माणूस गोवला जाण्याची भीती खरी असल्यामुळे, आरोपीविरुद्ध दोन-तीन किंवा अधिक साक्षीदारांची सुसंगत साक्ष असावी, ही सावधगिरीची कसोटीही मसल्ती निकालात मान्य झाली आहे. माझ्या मते, कलम १९० सारख्या कठोर तरतुदीला ही कसोटी नसती तर ती धोकादायक ठरली असती.

उत्तर २
वरील उत्तराला एक जोड आवश्यक आहे. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या न्याय संहितेच्या कलम १०३(२) नुसार, पाच किंवा अधिक जणांच्या गटाने संगनमताने वंश, जात किंवा समुदाय, लिंग, जन्मस्थान, भाषा, वैयक्तिक श्रद्धा किंवा तत्सम कारणावरून खून केल्यास गटातील प्रत्येकाला मृत्युदंड किंवा जन्मठेप आणि दंड होतो. मात्र मुले पळवल्याच्या निव्वळ संशयाने झालेली हत्या यात बसवायची, तर तो संशय त्याच माणसांवर का आला हे तपासात दाखवावे लागेल. अनोळखी वेश, परकी बोली आणि भटक्या समाजाबद्दलचा जुना अविश्वास यांतूनच तो संशय उपजला असेल, तर हे कलम लावण्याचा आग्रह सरकारी वकिलांनी जरूर धरावा, असे मला ठामपणे वाटते. राईनपाड्याच्या घटनेला मात्र जुनाच कायदा लागू होतो, कारण संविधानाच्या अनुच्छेद २० नुसार फौजदारी शिक्षा पूर्वलक्षी प्रभावाने वाढवता येत नाही.

प्रश्नकर्ता
आभारी आहे. चारच आरोपी ओळखले गेले, तर ‘पाच जण’ ही अट मोडते का?

उत्तर १
नाही. आणखी अनोळखी माणसे होती आणि एकूण संख्या पाच किंवा अधिक होती हे पुराव्याने सिद्ध झाले, की पुरे. मोबाइलवरील चित्रीकरण येथे फार उपयोगी पडते, पण त्यासोबत भारतीय साक्ष अधिनियमाच्या (पुराव्याच्या नव्या कायद्याच्या) कलम ६३ चे, इलेक्ट्रॉनिक पुराव्यासाठीचे प्रमाणपत्र लागते. पूर्वीच्या कायद्यातील अशाच प्रमाणपत्राची अनिवार्यता सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये जालन्याच्या खोतकर-गोरंट्याल निवडणूक वादात अधोरेखित केली होती. ते प्रमाणपत्र तपास अधिकाऱ्याने सुरुवातीलाच मिळवावे.