एक्सपी-८० चे आवाज लॅपटॉपवर: कोणती लायब्ररी घ्यावी?

पेटीवाला
मंडळी, भावगीतांच्या कार्यक्रमांना रोलँडचा एक्सपी-८० कीबोर्ड नेतो. ७६ कीजचं धूड आता एकट्याला जिन्यावरून चढवत नाही. लॅपटॉप आणि छोटा मिडी कंट्रोलर (स्वतःचा आवाज नसलेला, लॅपटॉपला सूर पाठवणारा कीबोर्ड) न्यायचा विचार आहे. स्ट्रिंग्ज, बासरी आणि मी बनवलेले दोन-तीन पॅड (मागे लांबत राहणारे आवाज) हुबेहूब हवेत. कॉन्टॅक्टसाठी (रेकॉर्ड केलेले आवाज वाजवणारं सॉफ्टवेअर) 'एक्सपीचे आवाज' म्हणून पॅक मिळतात. त्यातला कोणता चांगला?

मध्यमग्राम
दादा, पॅकवर इतक्यात पैसे घालू नका. एक्सपी-८० आतून जेव्ही-१०८० च आहे. ते १९९४ चं मॉड्यूल (कीज नसलेली आवाजाची पेटी) रोलँडनेच रोलँड क्लाउड या आपल्या ऑनलाइन सेवेवर प्लगइन, म्हणजे लॅपटॉपवर चालणारं वाद्य, म्हणून दिलंय. त्यात आवाजाचे चारही थर (टोन), सूर गडद-उजळ करणारा फिल्टर, आवाजाचा चढ-उतार ठरवणारा एन्व्हलप सगळं जिवंत असतं. पॅकमध्ये या सगळ्याचं नुसतं रेकॉर्डिंग असतं. फिल्टर हळू उघडणारा पॅड घ्या: रेकॉर्डिंगमध्ये तो दरवेळी तसाच उघडणार, तुम्ही मॉड व्हील (कीबोर्डवरचं आवाज बदलणारं चाक) कितीही फिरवा.

डीबी_कमी
+१. शिवाय कॉन्टॅक्टचा फुकट प्लेयर असेल तर बरेचसे बाहेरचे पॅक त्यात १५ मिनिटंच चालतात. ऐन कडव्यात आवाज गेला की गायिका काय बोलेल ते इथे लिहिता येणार नाही.

पेटीवाला
आणि माझे स्वतःचे पॅड?

मध्यमग्राम
एक तर प्लगइनमध्ये टोनचे आकडे बघून पुन्हा बांधा. कंटाळवाणं आहे, पण निकाल उत्तम. नाहीतर सँपल करा, म्हणजे कीबोर्डचे सूर रेकॉर्ड करून घ्या. मॅक असेल तर लॉजिक या रेकॉर्डिंग सॉफ्टवेअरमधला ऑटो सँपलर स्वतःच एकेक नोट वाजवून रेकॉर्ड करतो. दोन गोष्टी पाळा. कीबोर्डचे रिव्हर्ब-कोरस (घुमारा देणारे इफेक्ट) आधी बंद करा, नाहीतर चार नोटा एकत्र दाबल्यावर चार सभागृहं ऐकू येतील. आणि दर तिसऱ्या सुराला एक सँपल घ्या. एकच 'सा' ताणून वर 'प'पर्यंत नेला तर व्हायब्रेटोही (सुरातलं कंपन) वेगात धावायला लागतो. बासरीत हे लगेच कानाला खुपतं.

डीबी_कमी
एक्सपीत जादा आवाजांचे बोर्ड बसवलेत का? बसवले असतील तर त्यांचे आवाज जेव्हीच्या प्लगइनमध्ये धरून चालू नका. एसआरएक्सचे (रोलँडच्या नंतरच्या जादा बोर्डांचे) प्लगइन वेगळे आहेत, ते आधी ऐकून बघा. विंडोज असेल तर ऑडिओ इंटरफेसचा (लॅपटॉपला जोडायच्या साउंड बॉक्सचा) स्वतःचा एएसआयओ ड्रायव्हर लावा, त्याने आवाज उशिरा येत नाही, आणि बफर १२८ सँपलचा ठेवा. ४४.१ किलोहर्ट्झला ते जेमतेम ३ मिलिसेकंद होतात. ड्रायव्हर आपले थोडे वर घालतो, तरी तबल्याबरोबर वाजवताना अडत नाही.

पेटीवाला
एकच बोर्ड आहे, ऑर्केस्ट्राचा. स्ट्रिंग्ज त्यातल्याच वाजवतो. म्हणजे आधी एसआरएक्स ऐकायला हवं.