मदत हवी आहे: समोरच्या खिडकीवरून अंदाज किती बांधायचा?

भुसावळच्या आमच्या कॉलनीत एकट्या राहणाऱ्या ज्येष्ठांकडे शेजाऱ्यांचं लक्ष राहावं म्हणून नोंदवही सुरू करतोय. अडचण अशी की खिडकीतून दिसतं ते फसवं असतं. पहाटे ३ ला दिवा, दिवसभर पडदे ओढलेले, म्हणजे भानगड नव्हे. रेल्वेतल्या माणसाची रात्रपाळी असते. मे महिन्यात पारा ४५ अंशांकडे गेला की दुपारी सगळ्यांचीच दारं बंद. म्हणून वहीत तारीख, वेळ आणि दिसलं तेवढंच लिहायचं. 'भांडण', 'आजारी' असे शब्द नकोत. दुधाची पिशवी दाराशी तशीच राहिली, तर आधी कडी वाजवायची, उत्तर नाही तर आपत्कालीन क्रमांक ११२ ला फोन. ज्येष्ठांसाठी १४५६७ ही हेल्पलाइन आहेच. पण किती तास थांबावं? कुणाकडे अशी वही चालू आहे का? कृपया सांगा.