गुलाबाईच्या गाण्यातली सून: प्रकल्पात नेमकं काय बघावं?

प्रश्न (एम.ए. मराठी, अमळनेर):
'खान्देशी स्त्रीगीतांतली बाई' असा विषय घेतलाय. गुलाबाईची (भाद्रपद-आश्विनात मुली गुलाबाई मांडून म्हणतात ती) गाणी जमवतेय, पण 'सासुरवाशिणीचं दुःख' याच्या पुढे गाडी सरकत नाही. कानबाई या खान्देशी देवीची गाणी आणि कवयित्री बहिणाबाई चौधरीही घेऊ का?

तापीकाठ:
ताई, आधी गाण्यात कोण बोलतंय ते बघा. कारल्याच्या गाण्यात सून माहेरी निघते. सासू म्हणते, बी पेर. पेरलं, तर वेल येऊ दे. मग फूल, मग कारलं, मग भाजी. भाजी झाली, तर सासऱ्याला विचार. तिथून दीर, नणंद, शेवटी नवरा. 'नाही' कुणीच म्हणत नाही, नुसती अट वाढत जाते! दुःख आहेच, पण त्याहून परवानगीची उतरंड जास्त दिसते. काही पाठांत नवरा वेणी घालून पाठवा म्हणतो, काहींत काठी उचलतो. म्हणून एकाच गाण्याचे चार-पाच शेवट जमवा, प्रत्येकापुढे गाव आणि गाणारीचं वय लिहा. गाणाऱ्या पोरी बहुतेक बिनलग्नाच्या असतात, हेही विसरू नका.

अहिराणी_वही:
गाणं नुसतं सांगायला लावू नका. तसं केलं की पालुपद गळतं, कडव्यांचा क्रम हलतो. आधी पूर्ण म्हणू द्या, फोनवर घ्या, मग ओळ-ओळ ऐकवून शब्द पक्के करा. अहिराणीतलं 'माले' (मला) असेल तर 'माले'च लिहा. भाद्रपद पौर्णिमा ते कोजागिरी एवढाच हंगाम. गाणी संपल्यावर पोरी झाकलेली खिरापत (प्रसाद) ओळखायला लागल्या की गलका होतो, रेकॉर्डिंग त्याआधी उरका.

धुळेकर:
बहिणाबाई घ्या, पण वेगळ्या प्रकरणात. समूहाचं गाणं आणि एकीची कविता एका तागडीत नको. त्यांना लिहिता येत नव्हतं. कविता इतरांनी टिपल्या, पुस्तक 1952 मध्ये, त्यांच्या निधनानंतर आलं. माहेरावरच्या कवितेत बाई योग्याला उत्तर देते, ते घ्याच: लेकीला माहेर असावं म्हणून माय सासरी नांदते. गुलाबाईतली सून वाट मागते, इथे ती वाट कुणाच्या जिवावर उघडी राहते ते कळतं.

कानबाईचं प्रकरण निराळं. नारळाची देवी, नवरीसारखा साज, पण रोटाचे (कानबाईच्या प्रसादाचे) गहू बऱ्याच घरांत पुरुषांच्या नावाने, माणशी सव्वा मूठ मोजतात. रोट भाऊबंदांतच खायचा. गाण्यांसोबत हे मापही टिपा: कुणाची मूठ धरली, घरच्या लेकीची धरली का, आणि लग्न झालेल्या लेकीला रोट चालतो का.