मदत हवी आहे: पुलियात गाडी भाड्याने घ्यावी की रेल्वेच बरी?

नमस्कार मंडळी, सप्टेंबरअखेर आम्ही दोघं आणि सासूबाई इटलीच्या टाचेत, पुलियाला जातोय. मुक्काम बारी आणि लेच्चेत. पोलिन्यानो, मोनोपोली रेल्वेमार्गावरच आहेत, तिथे प्रश्न नाही. अडतंय ते आल्बेरोबेल्लोपाशी. शंकूच्या छपरांची, चुन्याशिवाय दगडावर दगड रचलेली ती त्रुल्ली घरं बघायचीच आहेत. बारीहून रेल्वेने रविवारी जाता येतं का? गाडी घेतली तर जुन्या गावांतल्या वाहनबंदीच्या कॅमेऱ्यांची धास्ती, शिवाय मांदुरियाला प्रिमितीवो ही तिथली रेड वाइन चाखायची म्हणजे चालवणारा कोरडाच राहणार (आणि तो मीच असणार, हे ठरलेलं).

प्रिमितीवोची द्राक्षं लवकर पिकतात म्हणतात. तोपर्यंत द्राक्षतोडणी उरकलेली असेल का?

दुसरं, सासूबाई पक्क्या शाकाहारी. सुक्या बाकल्याचं (फावा बीन्सचं) घोटलेलं वरण आणि वर कडसर चिकोरीची पालेभाजी हा तिथला पदार्थ त्यांना नक्की चालेल, बुराता हे मलईदार चीजही आवडेल. पण ओरेक्किएत्ते या पास्त्याबरोबरच्या पालेभाजीत बऱ्याचदा अँचोव्ही मासा विरघळवलेला असतो, दिसतही नाही. तो नको हे वेटरला कसं सांगता? नुसतं 'व्हेजिटेरियन' म्हटलेलं पुरतं का?